नऊ सेकंदांची गाय

माझ्या उजव्या कानाने ऐनवेळी हात वर केले, म्हणून ती गाय मला दिसली नाही.

चार मीटर खाली गेले आणि कान मोकळा होईना. नाक दाबून फुंकलं, जबडा हलवला, मीटरभर वर येऊन पुन्हा उतरले. दुखणं वाढतच गेलं. सर्दी अंगावर काढली होती, तिचं हे फळ. येसोला अंगठा वर करून दाखवला आणि होडीवर आले. आमच्यात नियम असा की जोडीतला एक वर गेला की दुसऱ्यानेही वर यायचं. येसो आला नाही. कॅमेरा त्याच्या हातात होता आणि खाली आंबेखोलच्या खाडीतलं समुद्री गवत होतं. मी होडीच्या काठावर बसून अकरा मिनिटं एकीकडे घड्याळ पाहत होते आणि एकीकडे देवाचं नाव घेत होते.

येसो म्हणजे यशवंत मेथर, आंबेखोलचा गाबीत, पिढीजात मासेमार. तेवीस वर्षं माझा पाण्यातला जोडीदार. तो वर आला, मास्क काढला, आणि मी रागावायच्या आधीच म्हणाला, "ताय, गाय."

"कुठली गाय?"

"समुद्रगाय गो. अंदमानात बघलेली, तशी."

होडीतच कॅमेऱ्याच्या इवल्या पडद्यावर पाहिलं. नऊ सेकंद. हिरवं गवत, त्यावर झुकलेला राखाडी देह, गोल थुतरं, मग एक वळसा, शेपटीचा पंखा आणि संपलं. मी होडीतूनच सातेरीच्या देवळाच्या दिशेने हात जोडले. आमच्या किनाऱ्यावर हा प्राणी कोणी कॅमेऱ्यात धरल्याचं मला तरी ठाऊक नव्हतं.

शिवाय वेळ अशी की देवानेच पाठवली म्हणावं. आंबेखोलच्या खाडीचा तळ उपसून तिथे मोठी जेट्टी व्हायची होती. गवत राखायचं की उपसायचं, हे ठरवायला एक समिती बसली होती, आणि तिने खाडीतल्या जिवांचं चित्रण माझ्याकडे मागितलं होतं. गवतावर समुद्रगाय चरते हे सिद्ध झालं, तर उपसा थांबणार होता. सिद्ध व्हायला एकच कागद हवा होता: 'हे दृश्य माझ्या पथकाने याच ठिकाणी घेतलं असून त्यात कोणतीही भर घातलेली नाही.' त्याखाली माझी सही. कालिंदी सारंग. एकतीस वर्षांत त्या नावावर कोणी बोट ठेवलं नव्हतं.

मी सही करणारच होते.

*

आता त्या कॅमेऱ्याबद्दल सांगायला हवं.

धुक्यात गाडीचे मोठे दिवे लावले तर रस्ता उजळत नाही, धुकंच उजळतं. समुद्रातही तेच. दिव्याचा प्रकाश गाळाच्या कणांवर आपटून परत आपल्याच डोळ्यांत येतो. डोंगर पोखरले गेले तशा आमच्या नद्या बारा महिने गाळ आणू लागल्या, आणि हाताच्या लांबीपलीकडचं दिसेनासं झालं. माझ्या उमेदीच्या काळात मार्गशीर्षात तळ पंधरा मीटर वरून दिसायचा. २०४० नंतर ते दिवस गेले. माझं पाण्याखालच्या चित्रणाचं काम जवळजवळ बंद पडलं.

मग कॅमेऱ्यात 'नितळ' आला. आवाजाला गाळाचं वावडं नसतं, हे त्याचं मर्म. तो आवाजाच्या बारीक लहरी सोडतो. त्या कशावर आपटून किती वेळाने परततात, त्यावरून समोरच्या वस्तूचा आकार त्याला कळतो. पण आवाजाला रंग नसतो. कातडी, डोळा, खवले, काही नसतं. ते नितळ आपल्या साठ्यातून घालतो. साठा म्हणजे जगभरच्या चित्रण करणाऱ्यांनी आधी घेतलेली लाखो तासांची दृश्यं. आकार तांबोशी माशाचा वाटला की तांबोशीची लाली चढते. हे सगळं पापणी लवायच्या आत होतं, आणि पडद्यावर दिसतं ते पाणी विहिरीसारखं स्वच्छ. विकणारे म्हणायचे, आम्ही फक्त गाळ पुसतो.

मी ते मानलं. न मानून खायचं काय? पूर्वी एका खेकड्याच्या कात टाकण्यासाठी मी नऊ दिवस एकाच खडकापुढे गुडघे टेकून बसले होते. आता तरुण मुलं दोन दिवसांत अख्ख्या खडकाची फिल्म करून देतात, आणि माझ्याकडे वर्षाला दोन कामं येतात. समितीचं काम त्यातलंच एक.

*

सहीच्या आधी दृश्य एकदा मोठ्या पडद्यावर पाहावं म्हणून दुसऱ्या दिवशी दुपारी खिडक्या लावून बसले. अकराव्या की बाराव्या वेळी नजर शेपटीच्या बुडाशी थांबली. तिथे तीन तिरके वण होते. बोटीचा पंखा लागून होतात तसे. मधला लांब, खालचा टोकाशी दुभंगलेला.

तो दुभंगलेला वण मी ओळखत होते. एकोणीस वर्षांपूर्वी अंदमानात एका मादीच्या मागे आम्ही सहा आठवडे होतो. मी कॅमेऱ्यावर, येसो दिव्यावर. तिच्या शेपटीवर हेच वण होते. जुनं दृश्य काढून शेजारी लावलं. तीच. एकोणीस वर्षांत तिचं वय वाढलं नव्हतं.



जुनी दृश्यं माझ्या माळ्यावरच्या कपाटात असतात. किल्ल्या दोन. एक माझ्याकडे, एक येसोकडे. जुनं दृश्य आधीच कॅमेऱ्यात भरून ठेवणं त्याला अवघड नव्हतं. आंबेखोल त्याचं गाव. खाडी उपसली तर त्याच्या भावांच्या होड्या कुठे लागणार? आणि त्या दिवशी तो नेमका नियम मोडून खाली का थांबला? अकरा मिनिटं. 'अंदमानात बघलेली, तशी,' असं लगेच का म्हणाला?

संशय एकदा घरात शिरला की तो खुर्ची मागत नाही, सरळ देवघरात जाऊन बसतो. संध्याकाळी दिवा लावताना माझं लक्ष वातीकडे नव्हतं, कपाटाच्या कुलपाकडे होतं.

येसोला मी काहीच बोलले नाही. कान बरा झाल्यावर आणखी चित्रण करू, एवढंच म्हटलं. तो म्हणाला, "करूया." तेवढंच. एरवी तो दहा वाक्यं बोलला असता. फोन आला की तो आता माझ्या अंगणाच्या टोकाला जाऊन बोलायचा. मी खिडकीतून पाहायची.

आठवड्याने आम्ही पुन्हा गेलो. उतरण्याआधी जोडीदाराने जोडीदाराचं सामान तपासायचं असतं. येसो माझ्या हवेच्या टाकीची चावी उघडतो, काटा पाहतो, खांद्यावर दोन थापा देतो. मग मी त्याचं तसंच करते. तेवीस वर्षांत त्याच्या थापेनंतर मी मागे हात नेला नव्हता. त्या दिवशी गेला. चावी पुरती उघडली आहे ना, हे मी स्वतः चाचपलं.

येसोने पाहिलं. मी त्याची चावी उघडून थापा दिल्या. मग त्यानेही सावकाश हात मागे नेला आणि आपली चावी चाचपली.

मला वाटलं, ज्याच्या मनात चोर असतो तो असाच वागतो.

पाण्यात त्या दिवशी आम्ही एकमेकांपासून दोन हात लांब होतो. गवताशिवाय काही मिळालं नाही.

*

सातेरीच्या देवळात दत्तजयंतीचा सप्ताह चालू होता. कीर्तन संध्याकाळचं, भालेबुवांचं. मी लहानपणापासून कीर्तनाची वेडी. हातातलं काम टाकून जाते. बुवांचा पूर्वरंग ऐकताना डोळे मिटावेत आणि आख्यान लागलं की उघडावेत, अशी माझी रीत. येसो बुवांमागे झांज धरतो. त्या दिवशीही होता. मला पाहून त्याने मान खाली घातली. मीही खांबाआड बसले.

बुवांनी एका नावाड्याचं आख्यान लावलं होतं. देव होडीत बसायला येतो आणि नावाडी त्याला ओळखत नाही. त्यात नावाड्याची बायको मध्येच बोलू लागली. घरात मीठ नाही, आणि हे पाहुण्यांना फुकट पार करतात. सगळं देऊळ हसलं. पुढे बसलेले तातू आजोबा मोठ्यांदा म्हणाले, "बुवा, ही बाईल पोथीत नाय."

झांज थांबली. बुवा हसले. म्हणाले, "नाही आजोबा. ही मी घातली. पोथीत नावाड्याला बायको आहे की नाही ते लिहिलेलं नाही. पण माझ्या तोंडून आली म्हणजे तिची जबाबदारी माझी. उद्या देवाने विचारलं, कुठून आणलीस, तर मी उभा राहीन." आणि पुन्हा चाल धरली.

लोक पुढे गेले. मी तिथेच राहिले. माझ्या गायीची कातडी कोणी घातली, आणि विचारलं तर कोण उभं राहणार? मी आजवर येसोच्या तोंडाकडे पाहत होते. त्याच्या हातात जे यंत्र होतं, त्याला मी काहीच विचारलं नव्हतं.

आरतीला न थांबता देवळातून निघण्याची माझी ती पहिलीच वेळ.

*

रत्नागिरीला फरझाना मुकादम आहे. आमच्या सगळ्यांचे कॅमेरे तीच उघडते. तिशीची, तोंडाने फटकळ, हाताने देवमाणूस. मी कॅमेरा आणि दोन्ही दृश्यं तिच्या टेबलावर ठेवली आणि विचारलं, "हे जोडकाम कसं केलं, ते सांगता येईल?"

तिने दृश्यांकडे पाहिलंही नाही. माझ्याकडे पाहिलं.

"ताई, तुम्ही दोघं एकमेकांशी बोलत नाही का हो? यशवंतभाई परवाच येऊन गेले. हीच दोन दृश्यं, हाच प्रश्न."

"येसो? त्याला काय विचारायचं होतं?"

"तुम्ही ही गाय कशी चिकटवलीत, ते."

तिने चहा मागवला.

"कोणी चिकटवली नाही," ती म्हणाली. "नितळने घातली. आठ वर्षांपूर्वी तुम्ही तुमची सगळी दृश्यं त्याच्या साठ्याला वापरायला दिलीत. करारावर सही आहे तुमची. वाचला होतात?"

"जाड होता."

"सगळे हेच म्हणतात. समुद्रगायीची चांगली दृश्यं जगात मोजकीच. जवळून घेतलेली तर तुमचीच. त्यामुळे त्याला गाय घालायची वेळ आली की तो तुमची घालतो. वणांसकट. त्याला वण म्हणजे काय ते कुठे ठाऊक?"

"पण गायच का घातली? आकार तर मिळाला असेल ना?"

तिने कॅमेऱ्याच्या पोटातली मूळ नोंद लावली. रंग नाही, पाणी नाही. काळ्यावर एक राखाडी गोळा, कडा फाटलेल्या, अडीच मीटरभर लांब. तो सरकत होता. शेजारी नितळचा स्वतःचा अंदाज उमटत होता: डॉल्फिन असेल, गाय असेल, वाहत आलेला जाळ्याचा गुंडाळा असेल. मग येसोचा आवाज आला. आमच्या मास्कमध्ये बोलणं कॅमेऱ्यात टिपण्याची सोय असते. श्वास लागलेला, घोगरा आवाज. "गाय... गाय गो."

त्याच क्षणी गोळ्यावर कातडी चढली.

"हा पाणबुड्याचं बोलणंही ऐकतो," फरझाना म्हणाली. "अंदाज पक्का करायला. माणूस समोर आहे, त्याला जास्त दिसत असणार, असं धरून चालतो."

"म्हणजे येसो म्हणाला म्हणून ती गाय झाली."

"कॅमेऱ्यापुरती. पाण्यात काय होतं, ते कॅमेऱ्याला ठाऊक नाही. मलाही नाही." तिने कप पुढे सरकवला. "आता त्यांनाच विचारा ना. माझ्याकडे येण्याआधी विचारायचं ते."

*

येसो अंगणात गोड्या पाण्याने पाणबुड्यांचे सूट धूत होता. मी नळ बंद केला.

"रत्नागिरीला जाऊन आलास."

"म्हणजे तू पण गेलंस."

"तुला वाटलं मी खोटं केलं?"

"तुका काय वाटला होता?" त्याने सूट दोरीवर टाकला. "माका वाटला, ताय दमली. कामा नाय. होडीत बारक्या पडद्यार वण दिसले नाय. कार्ड मगे रात्रभर हिच्याकडेच होता. एक गाय लावून घेतल्यान. फोनार फरझानाक तेच विचारी होतंय, अंगणात उभो रवान." मग माझ्याकडे न बघता म्हणाला, "पण पयली चावी तू चाचपलंस."

मी पायरीवर बसले.

"तेवीस वर्षा," तो म्हणाला. "माझ्या बायलेचो पण माझ्यार एवढो भरवसो नाय. ती खिसे तपासता. तू कधी तपासलंस नाय."

"चुकलं माझं."

"माझा पण चुकला. माका वर येवक होया होता. तुझो कान फुटलो असतो तर?"

मग मी म्हटलं, "येसो, दृश्य तर गेलं. आता राहिला तू. तू काय पाहिलंस, तेवढंच खरं."

तो ओल्या सुटाची बाही पिळत राहिला. पिळून पाणी संपलं तरी पिळत होता.

*

समिती जिल्ह्याच्या ठिकाणी, ओरोसला बसली. अध्यक्षा डॉ. शैला इनामदार, समुद्री वनस्पती शिकवण्यात आयुष्य गेलेल्या. माझ्यापुढे तो छापील कागद होता. मी सही केली नाही. उभी राहून सांगितलं की ही नऊ सेकंदं पुराव्यात धरू नका. कातडी अंदमानातली आहे, आकार आवाजाने काढलेला आहे. एका माणसाने मात्र आपल्या डोळ्यांनी गाय पाहिली आहे, आणि तेवीस वर्षं मी त्याच्या शब्दावर श्वास घेतला आहे. त्याची साक्ष नोंदवा. तिच्यामागे माझं नाव लिहा.

बोलताना मला बरं वाटत होतं. कीर्तनात उत्तररंगाला येतं तसं भरून आलं होतं.

डॉ. इनामदारांनी येसोकडे पाहिलं. "मेथर, तुम्ही समुद्रगाय पाहिलीत?"

येसो उभा राहिला. टोपी काढली.

"पाठ पाहिली, बाई. रुंद. राखाडी. हात लांब केला तर बोटं दिसत नव्हती, अशा पाण्यात. ती धुरकट, सावलीसारखी गेली."

"गाय होती?"

त्याने माझ्याकडे पाहिलं, आणि मला कळलं की आता काय येणार.

"गाय म्हटलं, कारण मला गाय हवी होती. ताईने आता माझ्यामागे नाव लावलं. मग मी खोटं कसं बोलू? गाय असेल. डॉल्फिन असेल. मी पाठ पाहिली."

खरं सांगते, त्या क्षणी मला त्याचा राग आला. एवढा एक शब्द म्हणाला असता तर काय बिघडलं असतं, आणि मग स्वतःचीच लाज वाटली. जी भर मी यंत्राकडून घ्यायला तयार नव्हते, ती माणसाकडून मागत होते.

डॉ. इनामदारांनी चष्मा पुसला. "गाय गवत चरते, तेव्हा ते मुळासकट उपटते. तळावर वितीभर रुंदीचा मोकळा पट्टा राहतो. असे पट्टे पाहिलेत का?"

आम्ही पाहिले नव्हते. नितळने दाखवलेला तळ नेहमीच एकसारखा हिरवागार असायचा.

"पंधरा दिवस देते," त्या म्हणाल्या. "नितळ बंद ठेवून जे मिळेल ते आणा. नाही मिळालं, तर समिती नाही असंच लिहील."

*

नितळ बंद केला की पडदा कुळथाच्या पिठल्यासारखा दिसतो. दिव्यापुढे गाळाचे कण चमकतात, त्यांच्यामागे काही नाही. तेरा दिवस आम्ही त्यात रांगलो. दोघांमध्ये एक दोरी, सात मीटरवर तळ, पोट टेकून हाताने गवत चाचपत जायचं. दिसत नव्हतंच. बोटांना गवत लागायचं, गवतच लागायचं.

तेराव्या दिवशी माझ्या हाताला गवत लागेना.

कॅमेरा खाली धरला. तीन फूट दिसत होतं. दोन बाजूंना गवत, मध्ये नागडी वाळू. मन लगेच म्हणालं, नांगर. एखाद्या होडीचा नांगर ओढला गेला असेल. पण नांगराने उकरलेलं गवत दोन्ही काठांना ढिगाने पडतं. इथे काठ साफ होते. मी वाळूत बोटं खुपसली. नांगर वरचं खरवडतो, मुळं आत राहतात. बोटं मनगटापर्यंत गेली. मुळं नव्हती. मी दोरी ओढली. येसो आला. मी काहीच खूण केली नाही. आपण गाय म्हटलं तर पुन्हा ती गाय व्हायची. त्याचा हात धरून फक्त वाळूवर ठेवला.

त्याने बराच वेळ चाचपलं. मग तो पट्ट्याच्या कडेकडेने सरकू लागला, मी मागे. पट्टा वळला. एका जागी संपला. आम्ही गवतात हात फिरवत राहिलो. चार हातांवर पुन्हा सुरू झाला. चरता चरता श्वास घ्यायला वर जावं आणि पुन्हा खाली यावं, तसा. त्याच्यापलीकडे नुसता गढूळ अंधार होता. त्यात कोणी होतं की नाही, मला माहीत नाही. तिथे कॅमेरा फिरवून मी एक क्षण थांबले. नितळची कळ अंगठ्याखालीच होती.

अंगठा उचलला आणि आम्ही वर आलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी येसोच्या पडवीत कागद लिहायला बसलो. प्राणी, या रकान्यात मी लिहिलं: दिसला नाही. खूण, या रकान्यात: मुळासकट उपटलेल्या गवताचा पट्टा, रुंदी एक वीत, दोन तुकडे, मध्ये चार हात अंतर. खाली लिहिलं: कॅमेऱ्याने तीन फूट पाहिलं. बाकी आम्ही दोघांनी हाताने चाचपलं.

येसोने कागद घेतला आणि ओठ हलवत वाचला. 'चार हात'वर काट मारून 'साडेतीन' केलं. "माझे हात लांब आसत," म्हणाला, आणि सही केली.

मी कागद माझ्याकडे ओढला. पेन उचललं, आणि सही करण्याआधी सगळा मजकूर पहिल्यापासून पुन्हा वाचू लागले, त्याने आणखी काही बदललं तर नाही ना म्हणून.

येसो बघत होता. मला वाटलं दुखावेल. त्याने चहाचा कप कागदापासून लांब सरकवला.

"वाच," तो म्हणाला. "बेगीन नाय. सावकाश वाच."